अडेनियमच्या कुंडीत तळाला खडी कशाला?

जून लागला की ठाण्यातल्या घोडबंदर रोडच्या सोसायट्यांच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर एक फोटो हटकून येतो. उन्हाळाभर गुलाबी फुलांनी लगडलेलं अडेनियम, आता पानं पिवळी आणि फुगीर बुंधा मऊ पडलेला. खाली सल्ल्यांची रांग. त्यात ‘कुंडीच्या तळाला खडी घाला, निचरा होईल’ हा असतोच. नर्सरीवालेही तेच सांगतात. खडीने निचरा सुधारत नाही, बिघडतो.

अडेनियम मूळचं आफ्रिकेतल्या साहेल पट्ट्यातलं, म्हणजे सहारा वाळवंटाच्या दक्षिणेकडचं, आणि अरबस्तानातलं. ओमानच्या धोफार भागात त्यालाही नैर्ऋत्य मोसमी वारेच भिजवतात, पण तिथे धुकं आणि भुरभुर असते, आणि पायाखाली खडकाळ उतार. ठाण्यात पावसाळ्यात 2,000 मिलिमीटरहून जास्त पाऊस कोसळतो. मुळांना श्वसनासाठी ऑक्सिजन लागतो आणि तो पाण्यातून हवेपेक्षा सुमारे 10,000 पट हळू पसरतो. मातीतल्या पोकळ्या पाण्याने भरलेल्या राहिल्या की मुळं गुदमरून मरतात, मग कुजतात. मेलेली मुळं पाणी ओढत नाहीत, म्हणून बुंधा तहानलेल्या झाडासारखाच मऊ लागतो. लोक आणखी पाणी घालतात!

आता खडीकडे. शाळेत केशाकर्षण शिकलो होतो: बारीक नळीत पाणी आपोआप वर चढतं. नळीची त्रिज्या 1 मिलिमीटर असेल तर साधारण दीड सेंटिमीटर, 0.1 मिलिमीटर असेल तर जवळजवळ 15 सेंटिमीटर. मातीतल्या पोकळ्या सरळ नळ्या नसतात, पण हिशेब तोच. पृष्ठताण पाण्याला धरून ठेवतो आणि गुरुत्वाकर्षण खाली ओढतं. म्हणून कुंडीला भोक असलं तरी तळाशी काही सेंटिमीटरचा थर चिंबच राहतो. त्याची उंची कुंडीत भरलेल्या मातीच्या मिश्रणाच्या कणांवर ठरते; कुंडी खोल की उथळ, याच्याशी तिला देणंघेणं नाही.

खडी घातली की हा थर खडीत उतरत नाही. बारीक पोकळ्यांतल्या पाण्याचा दाब वातावरणाच्या दाबापेक्षा कमी असतो, आणि खडीतल्या मोठ्या पोकळ्यांत ते ओढून घेण्याइतकं केशाकर्षण नसतं. माती आणि खडीच्या सीमेवरचा दाब वातावरणाइतका होईपर्यंत, म्हणजे तिथली माती पाण्याने पूर्ण भरेपर्यंत, पाणी खाली सरकतच नाही. थोडक्यात, चिंब थर खडीच्या डोक्यावर जाऊन बसतो आणि मुळांची कोरडी जागा तेवढी कमी होते.

दाबाचं गणित डोक्यावरून गेलं तर भांडी घासायचा नवा स्पंज घ्या. पाण्यात बुडवून तळहातावर आडवा धरा. ठिबकणं थांबलं की तोच स्पंज उभा करा, पुन्हा धार लागेल. भोकं तीच, फक्त उंची वाढली. त्यामुळे कुंडी भिजल्यावर थोडा वेळ तिरकी करून ठेवली तरी बरंच पाणी निघून जातं. भोकातून सुती दोरी ओवून खाली लोंबती सोडली तरी जमतं. आणि शोभेच्या उथळ बोन्साय ट्रेमध्ये साधी बागेची माती भरणं म्हणजे अडेनियमला डबक्यात बसवणं.

मिश्रणच जाड हवं. तीन ते पाच मिलिमीटरचे विटांचे तुकडे किंवा पमिस (ज्वालामुखीचा हलका, सच्छिद्र दगड) निम्म्याहून जास्त, बाकी शेणखत आणि थोडं कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा). विटांची भुकटी चाळून टाका, नाहीतर ती सगळ्या फटी बुजवते. खाडीची रेती नको, ती खारट असते. बाकीचं सोपं आहे: पाच-सहा तास थेट ऊन, पावसात आडोसा, हिवाळ्यात पाणी कमी. फुलं फांद्यांच्या टोकाला येतात, म्हणून फेब्रुवारी-मार्चमध्ये छाटणी करा. जितकी टोकं, तितकी फुलं.

‘चिकाचं झाड दारात ठेवलं तर लक्ष्मी टिकत नाही’ असंही ऐकवलं जातं. अडेनियम कण्हेरीच्या कुळातलं. त्याच्या चिकात हृदयावर परिणाम करणारी विषारी द्रव्यं (ग्लायकोसाइड्स) असतात आणि आफ्रिकेत तो बाणांना लावत. तेव्हा लक्ष्मीची नको, घरातल्या रांगत्या मुलांची आणि मांजराची काळजी करा. बुंधा कुजलाच असेल तर हातमोजे घालून, पांढरा कडक गर लागेपर्यंत कापत जा. सुरी दर कापाला स्पिरिटने पुसा. मग झाड सावलीत उघडंच ठेवून जखम पूर्ण वाळू द्या आणि नव्या मिश्रणात लावा. पहिले काही दिवस पाणी नको.