आपोआप बदलणारा वॉलपेपर : आमच्या ग्राहकांसाठी माहितीपत्रक

डेस्कटॉपवर तेच ते चित्र महिनोन्‌महिने न राहता ठरावीक वेळाने आपोआप बदलावे, अशी इच्छा आमचे अनेक ग्राहक बोलून दाखवतात. त्यासाठी इंटरनेटवरून एखादे फुकटचे सॉफ्टवेअर उतरवून घेण्याची काहीही गरज नाही. अशा सॉफ्टवेअरबरोबर जाहिराती आणि ब्राउझरचे बदललेले होमपेजही पुष्कळदा घरात शिरते, आणि ते निस्तरण्यासाठी संगणक शेवटी आमच्याच टेबलावर येतो. ही सोय २००९ साली आलेल्या विंडोज ७ पासून विंडोजमध्येच आहे. पुढील माहिती विंडोज १० आणि ११ वापरणाऱ्यांसाठी आहे.

सेटिंग्ज उघडण्याआधी चित्रांसाठी एक स्वतंत्र फोल्डर तयार करावे, असा आमचा आग्रह आहे. किंबहुना या कामातील निम्म्याहून अधिक कटकटी येथेच टळतात. आमच्या एका ग्राहकाने आपल्या दवाखान्यातील संगणकावर मोबाइलमधील सगळे फोटो ‘पिक्चर्स’ या फोल्डरमध्ये ओतले आणि तेच फोल्डर वॉलपेपरसाठी निवडले. दुसऱ्या दिवशी रुग्ण समोर बसलेले असताना पडद्यावर आधी गुलाबाच्या फुलासह ‘शुभ सकाळ’ झळकले आणि थोड्या वेळाने विजेच्या बिलाचा फोटो. तेथे एखाद्याचे आधार कार्डही दिसू शकले असते. म्हणून ‘वॉलपेपर’ अशा नावाचे वेगळे फोल्डर करून त्यात निवडक वीस-पंचवीस चित्रेच ठेवावीत. हे फोल्डर संगणकाच्या डिस्कवरच असावे. ते पेन ड्राइव्हवर असल्यास पेन ड्राइव्ह काढताच विंडोजला पुढचे चित्र मिळत नाही.

त्यानंतर डेस्कटॉपवरील मोकळ्या जागी राइट क्लिक करून ‘पर्सनलाइझ’ आणि त्यातील ‘बॅकग्राउंड’ उघडावे. तेथील यादीत ‘पिक्चर’ असे निवडलेले असेल, त्याऐवजी ‘स्लाइडशो’ निवडावे आणि ‘ब्राउझ’ दाबून आपले फोल्डर दाखवावे. या टप्प्यावर फोल्डर उघडले की ते रिकामे दिसते आणि फोटो उडाले या समजुतीने ग्राहक आम्हाला फोन करतात. फोटो जागेवरच असतात; ही खिडकी केवळ फोल्डर निवडण्यासाठी असल्यामुळे तीत फाइली दिसत नाहीत, तेव्हा निर्धास्तपणे ‘चूज धिस फोल्डर’ दाबावे.

चित्र किती वेळाने बदलावे यासाठी १ मिनिट, १० मिनिटे, ३० मिनिटे, १ तास, ६ तास आणि १ दिवस असे पर्याय मिळतात. एक मिनिटाचा पर्याय पहिल्या दिवशी गंमतीचा वाटतो, पण पडद्यावर सतत काहीतरी हलल्यासारखे होऊन कामातील लक्ष उडते. कार्यालयासाठी ६ तास किंवा १ दिवस आणि घरासाठी ३० मिनिटे ठीक, असे आमचे मत आहे. चित्रे क्रमाने नको असतील तर ‘शफल’ चालू करावे. लॅपटॉपवर बॅटरीवर चालतानाही चित्रे बदलण्यासाठी वेगळे बटण आहे. ते बंद असल्यास चार्जर काढल्यावर चित्र जागीच थांबते, तो बिघाड समजू नये. पुढचे चित्र लगेच हवे असेल तर डेस्कटॉपवर राइट क्लिक करून ‘नेक्स्ट डेस्कटॉप बॅकग्राउंड’ निवडावे.

चित्र पडद्यावर कसे बसावे हा भाग मात्र थोडा नजरेने ठरवावा लागतो. आजचे बहुतेक मॉनिटर रुंदी आणि उंचीच्या १६:९ या प्रमाणाचे, म्हणजे सामान्यतः १९२० बाय १०८० पिक्सेलचे असतात, तर मोबाइलचा कॅमेरा बहुधा ४:३ प्रमाणात फोटो काढतो. ‘बॅकग्राउंड’च्याच पानावरील पर्यायांपैकी ‘फिल’ निवडल्यास पडदा पूर्ण भरतो, पण वरखालचा भाग कापला जातो, आणि उभ्या फोटोत आजोबांचा फेटा नेमका तेथेच असतो. ‘फिट’ निवडल्यास फोटो अखंड दिसतो, मात्र बाजूला पट्टे उरतात. ‘स्ट्रेच’ शक्यतो टाळावे, कारण त्यात माणसे आडवी फुगलेली दिसतात. ही निवड सगळ्या चित्रांना एकदमच लागू होत असल्याने फोल्डरमध्ये आडवेच फोटो ठेवणे सोयीचे पडते. आयकॉन पडद्याच्या डाव्या बाजूला असतात, त्यामुळे ज्या फोटोत डावीकडे आकाश, भिंत किंवा पाणी आहे, असे फोटो निवडल्यास आयकॉनखालची नावे नीट वाचता येतात.

चित्र धूसर दिसत असेल तर तो व्हॉट्सअ‍ॅपवरून आलेला फोटो असण्याची शक्यता मोठी असते, कारण तेथे फोटो पाठवताना त्याचा आकार लहान केला जातो. तोच फोटो ‘डॉक्युमेंट’ म्हणून मागवून घ्यावा. आयफोनवरील फोटो एचईआयसी (.heic) या फाइल-स्वरूपात असल्यास ते नेहमीच्या जेपीईजी (.jpg) स्वरूपात बदलून फोल्डरमध्ये टाकावेत.

कार्यालयाच्या संगणकावर हे पर्याय फिके दिसत असतील आणि काही सेटिंग्ज संस्थेच्या नियंत्रणाखाली असल्याची सूचना येत असेल, तर ते बंधन आपल्या कार्यालयाने घातलेले असते. ते आम्ही काढून देत नाही; कार्यालयातील संगणक विभागाशीच बोलावे. विंडोज सक्रिय (‘अ‍ॅक्टिव्हेट’) केलेले नसल्यासही हे पर्याय बंद राहतात, मात्र त्याबाबत आम्ही मदत करू शकतो.

फोल्डर आमच्याकडूनच लावून हवे असल्यास निवडलेले फोटो पेन ड्राइव्हवर घेऊन यावे. पूर्ण मोबाइल आमच्याकडे ठेवून जाऊ नये.