स्थलविषाद

राहत्या जागेचे ओळखीचे निसर्गरूप डोळ्यांदेखत पालटल्यामुळे, तेथेच राहणाऱ्या माणसाला होणारे दुःख. ‘सोलास्टॅल्जिया’ या संज्ञेसाठी येथे योजलेला पर्याय. मराठीत प्रतिशब्द अजून रुळलेला नाही.

संज्ञा ऑस्ट्रेलियन तत्त्वज्ञ ग्लेन अल्ब्रेक्ट यांची. न्यू साउथ वेल्समधील हंटर खोऱ्यात उघड्या कोळसा खाणींनी वेढलेल्या रहिवाशांच्या गाऱ्हाण्यांतून ती सुचली. घडण २००३ च्या सुमाराची मानतात. त्यावरील लेख २००५ चा. उत्तरपद ग्रीक ‘आल्गोस’ (वेदना), याबद्दल दुमत नाही. पूर्वपद मात्र लॅटिन ‘सोलाशियम’ (दिलासा) याच्याशी जोडतात, तसेच ‘सोलस’ (एकटा) या शब्दातून आलेल्या ओसाडपणाशीही. कर्त्याला दोन्ही छटा अभिप्रेत असल्या, तरी दिलासा हरपणे हा अर्थ अधिक ग्राह्य वाटतो. नमुना ‘नॉस्टॅल्जिया’चा. योहानेस होफर यांनी १६८८ मध्ये बाझेल येथील प्रबंधात घरापासून दुरावलेल्यांच्या व्याधीला ते नाव दिले होते. नागपुरी बोलीतले ‘गमत नाही’ (करमत नाही) दोन्हींना चालते. परगावीही गमत नाही, आणि उजाड झालेल्या आपल्या गावातही.

नागपूर परिसरात उमरेडच्या उघड्या कोळसा खाणी हंटर खोऱ्याशी सर्वांत जवळच्या. शहरात अजनी येथील झाडे वाचवण्यासाठी २०२१ च्या सुमारास नागरिक रस्त्यावर आले, त्यामागेही हीच भावना दिसते. वैनगंगेवरील गोसीखुर्द प्रकल्पाचे (पायाभरणी १९८८) उदाहरण सरसकट देतात. ते तपासून घ्यावे. नागपूर व भंडारा जिल्ह्यांतील ज्यांची गावे उठली, त्यांचे दुःख विस्थापनाचे. संज्ञा नेमकी लागू पडते ती काठावर राहिलेल्या धिवर कुटुंबांना. उन्हाळ्यात पात्र आटले की ती रेतीत खड्डे करून, शेणखत घालून टरबूज, डांगर, काकडी लावत. रात्री राखणीला तिथेच झोपडीत निजत. या डांगरवाड्या. जलाशय भरल्यावर बुडीत पट्ट्यातली रेती उघडी पडेना. घर तेच, अंगण तेच, समोर वर्षभर पाणी.

शहराला जिचे नाव लाभले ती नाग नदी लावा गावाजवळच्या टेकड्यांत उगम पावते. वस्तीतून वाहताना तिला आता सर्रास ‘नाला’ म्हणतात. तिच्यातले सांडपाणी कन्हानमार्गे वैनगंगेत उतरते आणि त्या बुडालेल्या रेतीवर येऊन साचते.