किलोमागे रुपये आणि रुपयामागे ग्रॅम

द्राक्षांच्या हंगामात नाशिकच्या रस्त्यांकडेला पेट्या लागल्या, की भाव दोन तऱ्हांनी विचारला जातो: "किलो कसे दिले?" आणि "शंभरात किती बसतील?" दोन्ही उत्तरे त्याच दोन आकड्यांच्या भागाकारातून निघतात, आणि म्हणूनच त्यांची गल्लत होते. "मागे" हा शब्द ज्याला जोडला जातो तो भाजक, एवढी खूण लक्षात ठेवली तरी पुरते: किलोमागे रुपये काढताना रुपयांना किलोने भागावे, आणि रुपयामागे वजन काढताना वजनाला रुपयांनी.

समजा, ५ किलोची पेटी ३४० रुपयांना आणि २ किलोची १३९ रुपयांना आहे. किलोमागे अनुक्रमे ६८ आणि ६९.५० रुपये पडतात. येथे लहान आकडा स्वस्त, म्हणून मोठी पेटी घ्यावी. उलट भागाकार केला तर रुपयामागे ०.०१४७ आणि ०.०१४४ किलो येतात, आणि आता मोठा आकडा स्वस्त ठरतो. सवयीने लहान आकड्याकडे हात जाणारा येथे फसतो. त्यातही कोणी दोन दशांश स्थळांपर्यंत पूर्णांकन केले, तर दोन्हीकडे ०.०१ उरतो आणि फरक नाहीसा होतो. तोच भागाकार ग्रॅममध्ये मांडला, तर १४.७ आणि १४.४ हा फरक पुन्हा दिसू लागतो. भागाकार जितका लहान, तितका त्यातला मोठा वाटा पूर्णांकन खाऊन टाकते.

हे केवळ वहीतले गणित नाही. वेष्टनबंद मालावर एकक विक्री किंमत छापावी लागते: एक किलोहून कमी वजनाला ग्रॅममागे, जास्त वजनाला किलोमागे, आणि तीही दोन दशांश स्थळांपर्यंत. चिवड्याचे ४०० ग्रॅमचे पाकीट १५० रुपयांना असेल, तर भागाकार ०.३७५ येतो आणि छापला जातो ०.३८. शेजारी दीड किलोचे पाकीट ५६७ रुपयांना, म्हणजे किलोमागे ३७८. छापील आकड्याला हजाराने गुणणाऱ्या ग्राहकाला लहान पाकीट किलोमागे ३८० रुपयांचे, म्हणजे महाग वाटते. प्रत्यक्षात ते ३७५ रुपयांचे, म्हणजे स्वस्त आहे. अशा वेळी छापील दर सोडून मूळ किंमत आणि वजन घेऊन स्वतः भागावे, हे बरे.

लासलगावच्या लिलावात कांद्याचा भाव क्विंटलमागे बोलला जातो, ही सोय या दृष्टीने मोठीच आहे. क्विंटलमागे येणारा भाव जवळच्या पूर्ण रुपयावर आणला, तरी किलोमागे फार तर अर्ध्या पैशाचा फरक पडतो. मात्र १,३५१ रुपये क्विंटलचा कांदा बोलताबोलता "चौदा रुपये किलो" झाला आणि पुढचा हिशेब त्यावरच केला, तर २५ क्विंटलचे ३३,७७५ रुपयांऐवजी ३५,००० होतात.