इंदुराइन, मिगेल
(१६ जुलै १९६४ – ). स्पॅनिश व्यावसायिक सायकलपटू. ‘तूर द फ्रान्स’ ही फ्रान्समधील तीन आठवड्यांची, टप्प्याटप्प्यांची शर्यत १९९१ ते १९९५ अशी सलग पाच वर्षे जिंकणारा पहिला खेळाडू. झाक आंकतिल, एडी मर्क्स आणि बेर्नार इनो यांनीही ती प्रत्येकी पाच वेळा जिंकली होती, पण सलग नव्हे. लान्स आर्मस्ट्राँगची सलग सात विजेतेपदे उत्तेजकांमुळे २०१२ मध्ये रद्द झाल्यावर सलग पाचांचा हा विक्रम पुन्हा इंदुराइनच्या एकट्याच्या नावे राहिला.

पूर्ण नाव मिगेल इंदुराइन लाराया. स्पॅनिश रीतीप्रमाणे यातले पहिले आडनाव वडिलांकडचे आणि दुसरे आईकडचे. उच्चारात जोर शेवटच्या ‘राइन’वर येतो. नवारा प्रांतात इंदुराइन नावाचे एक लहान गाव आहे. आडनाव त्यावरूनच आले असावे. जन्म पांप्लोनाला लागून असलेल्या विल्याव्हा (बास्क नाव आतार्राबिया) येथे, शेतकरी कुटुंबात. तीन बहिणी आणि धाकटा भाऊ प्रुदेन्सियो; तोही पुढे व्यावसायिक सायकलपटू झाला. दहाव्या वाढदिवसाला मिळालेली जुनी हिरवी सायकल वर्षभरात चोरीला गेली आणि नवी घेण्यासाठी मिगेल वडिलांबरोबर शेतात राबला, अशी हकिकत बहुतेक चरित्रपर लेखनात येते. गावच्या ‘क्लब सिक्लिस्ता विल्याव्हेस’मध्ये त्याची सुरुवात झाली. १९८३ मध्ये तो स्पेनचा हौशी गटातील विजेता झाला. १९८४ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकनंतर लगेच तो रेनॉल्ड्स संघातून व्यावसायिक झाला. होसे मिगेल एचाव्हारी आणि एउसेबियो उन्सुए हे या संघाचे सूत्रधार. १९९० पासून हाच संघ बानेस्तो या बँकेच्या नावाने ओळखला जाऊ लागला, आणि इंदुराइन अखेरपर्यंत त्यातच राहिला.

१९८५ च्या ‘व्हुएल्ता आ एस्पान्या’ या स्पेनमधील टप्प्यांच्या शर्यतीत विसाव्या वर्षी त्याने काही दिवस आघाडी राखली. एवढ्या कमी वयात तोवर कोणी ती घेतली नव्हती. पण त्याची वाढ संथ झाली. १९८५ आणि १९८६ या दोन्ही तूर त्याने अर्ध्यावर सोडल्या. त्यानंतरच्या चार वर्षांतले त्याचे क्रमांक असे : ९७, ४७, १७ आणि १०. संघाचा नायक तेव्हा पेद्रो देल्गादो होता (तूर विजेता, १९८८) आणि इंदुराइन त्याचा मदतनीस. म्हणजे वाऱ्याला पुढे राहून नायकाला आडोसा द्यायचा, घाटात वेग धरून ठेवायचा आणि स्वतःचा वेळ खर्ची घालायचा. १९९० ची तूर त्याने या मदतकार्यातच गमावली, असे अनेक जाणकार मानतात. आल्प द्युएझच्या टप्प्यात देल्गादोसाठी दरीच्या रस्त्यावर झिजून तो चढावर मागे पडला. पुढे लुझ आर्दिदेनच्या चढावर मात्र त्याने ग्रेग लेमाँड या अमेरिकी तूर विजेत्याला मागे टाकून टप्पा जिंकला. तो मोकळा असता तर जिंकलाच असता, हे सिद्ध करता येणार नाही. एवढे मात्र म्हणता येते, की संघातला सर्वांत समर्थ खेळाडू कोण, याचा उलगडा त्या उन्हाळ्यात झाला होता. त्याआधी पॅरिस–नीस (१९८९, १९९०) आणि नंतर सान सेबास्तियानची क्लासिका (१९९०) या शर्यती त्याने जिंकल्या.

१९९१ च्या तूरमध्ये पिरेनीज पर्वतातल्या तूर्माले घाटात लेमाँड मागे पडला. उतारावर इंदुराइन सुटला, क्लाउदियो कियापुच्ची त्याला येऊन मिळाला आणि दोघे वाल लुरोंपर्यंत एकत्र गेले. टप्पा कियापुच्चीने घेतला, पिवळी जर्सी (एकूण वेळेत आघाडीवर असलेल्याची) इंदुराइनने. ही वाटणी पुढच्या पाच वर्षांची पद्धतच ठरली. तूरमध्ये त्याचे एकूण १२ टप्पाविजय आहेत. त्यांपैकी एकत्र सुटणाऱ्या टप्प्यांतले दोनच, कोतेरे (१९८९) आणि लुझ आर्दिदेन (१९९०), आणि दोन्ही पहिल्या विजेतेपदाच्या आधीचे. उरलेले दहा ‘टाइम ट्रायल’मधले. या प्रकारात खेळाडू ठराविक अंतराने एकेकटे सुटतात. कोणाचा आडोसा नाही, फक्त घड्याळ. पाचही विजयी वर्षांत त्याने दुसरा कोणताही टप्पा जिंकला नाही. टाइम ट्रायलमध्ये मिनिटे कमवायची आणि घाटात प्रतिस्पर्ध्यांच्या चाकाला लागून ती जपायची, असे हे गणित. यावरून ‘थंड’, ‘हिशेबी’ अशी टीका त्याच्यावर तेव्हाही झाली आणि आजही होते. ती अपुरी आहे. १९९४ मध्ये ओताकामच्या चढावर धुक्यातून मार्को पान्तानीच्या मागे जाऊन त्याने टोनी रोमिंगर या स्विस प्रतिस्पर्ध्याला गाठता येणार नाही इतके मागे टाकले. १९९५ मध्ये बेल्जियममधील लिएजच्या आधीच्या छोट्या टेकड्यांवर, जिथे कोणी हल्ल्याची अपेक्षा करत नाही, तिथे तो एकाएकी सुटला. योहान ब्रॉइनील फक्त त्याच्या मागच्या चाकाला चिकटून राहिला आणि त्याने टप्पा व पिवळी जर्सी दोन्ही घेतली. दुसऱ्या दिवशी सेरँगच्या टाइम ट्रायलमध्ये जर्सी इंदुराइनकडे आली.

या पद्धतीचा सर्वोच्च नमुना म्हणजे १३ जुलै १९९२ ची लक्झेंबर्गमधील ६५ किमी.ची टाइम ट्रायल. इंदुराइनचा सरासरी वेग ताशी ४९ किमी. होता. दुसरा आलेला खेळाडू, त्याच्याच संघातला आर्मां द लास क्वेव्हास, तब्बल तीन मिनिटे मागे होता. लोरां फिन्यों हा दोन वेळचा तूर विजेता सहा मिनिटे आधी सुटला होता. इंदुराइनने त्याला वाटेत गाठले आणि ओलांडले. त्या काळच्या छायाचित्रांत त्याची पाठ जवळजवळ सपाट दिसते आणि खांदे हलत नाहीत.

१९९२ आणि १९९३ या दोन्ही वर्षी त्याने ‘जिरो द इतालिया’ (इटलीतील टप्प्यांची शर्यत) आणि तूर एकाच हंगामात जिंकल्या. असे लागोपाठ दोन वर्षे दुसऱ्या कोणालाही साधलेले नाही. १९९३ चा जिरो निसटता होता : ओरोपाच्या चढावर प्योत्र उग्रुमोव्हने त्याला मागे टाकले आणि अखेर अवघ्या ५८ सेकंदांनी विजेतेपद राहिले. १९९४ च्या जिरोमध्ये तो येवगेनी बेर्झिन आणि पान्तानी यांच्यामागे तिसरा आला. व्हुएल्ता मात्र त्याने कधीच जिंकली नाही. १९९१ चा दुसरा क्रमांक ही तिथली सर्वोत्तम कामगिरी.

तासाचा विक्रम आणि शरीरक्षमतेचा प्रश्न : इंदुराइनविषयीच्या लोकप्रिय लेखनात तीन आकडे हटकून येतात : विश्रांतीतील नाडी मिनिटाला २८ ठोके, फुप्फुसांची क्षमता सुमारे ८ लिटर आणि कमाल प्राणवायू-ग्रहण (परिश्रमात शरीर वापरू शकते तो जास्तीत जास्त प्राणवायू) दर किलोमागे मिनिटाला ८८ मिलिलिटर. यांतील तिसरा आकडा तपासून घ्यावा लागतो. २ सप्टेंबर १९९४ रोजी त्याने बोर्दोच्या बंदिस्त ट्रॅकवर एका तासात ५३.०४० किमी. अंतर कापून ग्रॅम ओब्रीचा ५२.७१३ किमी.चा विक्रम मोडला. २५० मी.च्या त्या ट्रॅकवर हे २१२ फेऱ्यांहून किंचित अधिक भरते. संघाचे डॉक्टर साबिनो पादिया आणि सहकाऱ्यांनी या प्रयत्नाचा अभ्यास २००० मध्ये प्रसिद्ध केला. त्यात खेळाडूची उंची १८८ सेंमी., वजन ८१ किग्रॅ. आणि तासभराची अंदाजित सरासरी शक्ती सुमारे ५१० वॅट दिली आहे. त्याचे कमाल प्राणवायू-ग्रहण मिनिटाला ६.४ लिटर धरले जाते. ते ८१ किलोंनी भागले तर सुमारे ७९ येतात, ८८ नव्हे. ८८ येण्यासाठी वजन ७३ किलोंच्या खाली असावे लागेल, जे या उंचीच्या आणि बांध्याच्या खेळाडूबाबत संभवत नाही. म्हणून ७९ च्या आसपासचा आकडा अधिक विश्वसनीय मानावा. सपाट रस्त्यावर किलोमागच्या आकड्यापेक्षा एकूण शक्ती आणि हवेला भिडणारे शरीराचे समोरचे क्षेत्रफळ यांचे महत्त्व जास्त असते. त्यामुळे हा उंच, जड खेळाडू टाइम ट्रायलमध्ये अजिंक्य आणि तीव्र चढावर फक्त तुल्यबळ का होता, याचा उलगडाही ७९ नेच नीट होतो.

विक्रमासाठी वापरलेली ‘एस्पादा’ (तलवार) ही सायकल पिनारेलो कंपनीने कार्बन तंतूंच्या एकसंध सांगाड्याची बनवली होती. तिला नळ्यांची नेहमीची चौकट नव्हती. दोन्ही चाके आरे नसलेल्या भरीव तबकड्यांची होती. विक्रम दोन महिनेही टिकला नाही. रोमिंगरने त्याच ट्रॅकवर ऑक्टोबरमध्ये ५३.८३२ आणि नोव्हेंबरमध्ये ५५.२९१ किमी. नोंदवले. १९९५ च्या शरद ऋतूत कोलंबियात इंदुराइनने पुन्हा प्रयत्न केला, पण तो अर्ध्यावर सोडावा लागला. २००० मध्ये आंतरराष्ट्रीय सायकल संघटनेने विशेष सायकलींवरील असे सर्व विक्रम वेगळ्या वर्गात टाकले आणि मर्क्सचा १९७२ चा विक्रम मूळ धरला. इंदुराइनच्या नोंदीचा दर्जा त्यामुळे बदलला, अंतर अर्थातच तेच आहे.

१९९४ मध्ये फ्रान्समधील एका शर्यतीनंतर त्याच्या तपासणीत साल्ब्युटामॉल हे दम्यावरील औषध आढळले. आंतरराष्ट्रीय संघटनांनी ते वैद्यकीय कारणासाठी ग्राह्य धरले आणि कारवाई झाली नाही. नव्वदचे दशक या खेळात रक्तवर्धक औषधांचे दशक म्हणून ओळखले जाते, ही पार्श्वभूमी त्या काळच्या कोणत्याही आकड्यामागे असतेच. इंदुराइनवर मात्र कधी बंदी आली नाही.

१९९५ मध्ये कोलंबियातील जागतिक स्पर्धेत त्याने टाइम ट्रायलचे सुवर्णपदक मिळवले आणि रस्ता शर्यतीत आब्राहाम ओलानोमागे रौप्य. १९९६ च्या तूरमध्ये सहावे विजेतेपद अपेक्षित होते. ६ जुलैला लेझ आर्कच्या शेवटच्या काही किलोमीटरांत तो अचानक थिजला आणि तीन मिनिटांहून अधिक वेळ गमावून बसला. १६ जुलै हा त्याचा बत्तिसावा वाढदिवस. त्या दिवशी ओताकामवर ब्यार्ने रीसने सर्वांना मागे टाकले (रीसने २००७ मध्ये उत्तेजके घेतल्याची कबुली दिली). दुसऱ्याच दिवशी शर्यत इंदुराइनच्या सन्मानार्थ विल्याव्हावरून पांप्लोनाला जाणार होती. रस्त्याच्या दुतर्फा त्याचे गाव उभे होते आणि तो आघाडीच्या गटामागे आठ मिनिटांहून अधिक अंतराने आला. स्पर्धेअखेर तो अकरावा होता. दोनच आठवड्यांत अटलांटा ऑलिंपिकमध्ये टाइम ट्रायलचे सुवर्णपदक त्याने मिळवले.

त्यानंतरची व्हुएल्ता त्याने स्वतःच्या इच्छेने धरली की संघाच्या आग्रहाखातर, याबाबत मतभेद आहेत. आग्रहाची बाजू अधिक संभाव्य दिसते. कोव्हादोंगाच्या तळ्यांकडे जाणारा चढ सुरू होण्याआधी, कांगास दे ओनिस येथे संघाच्या मुक्कामाच्या हॉटेलाशी तो रस्त्यातून बाजूला झाला आणि सायकलवरून उतरला. ती त्याची अखेरची शर्यत ठरली. २ जानेवारी १९९७ रोजी पांप्लोना येथे त्याने निवृत्ती जाहीर केली. वयाच्या शेहेचाळिसाव्या वर्षी संशोधकांनी त्याची पुन्हा चाचणी घेतली. वजन ९२ किलो झाले होते, तरी कमाल प्राणवायू-ग्रहण मिनिटाला ५.२९ लिटर भरले. नवारातील एस्तेल्या येथे दरवर्षी होणारी व्यावसायिक शर्यत आता त्याच्या नावाने ओळखली जाते.