ब्रश हललाच नव्हता

सिनेमातली चित्रं हलताना का दिसतात? शाळेपासून पाठ असलेलं उत्तर म्हणजे दृष्टिसातत्य. प्रतिमा डोळ्यात एक षोडशांश सेकंद टिकते, तोवर पुढचं चित्र येतं. हे उत्तर अपुरं आहे, आणि ते कुठे तोकडं पडतं हे १९०८ च्या 'इलेक्ट्रिक हॉटेल' या मूकपटात लख्ख दिसतं.

सेगुंदो दे चोमोन या स्पॅनिश दिग्दर्शकाच्या या ट्रिकपटात एक जोडपं हॉटेलात उतरतं. सामान आपोआप खोलीत जातं, ब्रश स्वतःच बूट पुसतो, बाईंचे केस विंचरले जातात. त्या काळच्या कॅमेऱ्यात एरवी हँडलच्या एका फेऱ्याला ८ फ्रेम पडत. अशा दृश्यांसाठी एका फेऱ्याला एकच फ्रेम घेत. ब्रश बोटभर सरकवायचा, हात चौकटीबाहेर, एक फेरा. पुन्हा बोटभर. पडद्यावरच्या एका सेकंदासाठी हे साधारण १६ वेळा!

म्हणजे फ्रेम घेताना प्रत्येक वेळी ब्रश स्थिरच होता. प्रतिमा नुसती डोळ्यात टिकली असती, तर मागच्यापुढच्या ब्रशांची सरमिसळ दिसली असती. आपल्याला दिसतो एकच ब्रश, तोही चालणारा.

१९१२ मध्ये मानसशास्त्रज्ञ माक्स वेर्टहायमर यांनी जवळजवळच्या दोन स्थिर रेघा पाठोपाठ दाखवल्या. मध्ये सुमारे ३० मिलिसेकंद गेले तर दोन्ही एकदमच दिसल्या, २०० गेले तर एकीमागून एक; ६० च्या आसपास मात्र एकच रेघ सरकताना दिसली. सेकंदाला १६ फ्रेम म्हणजे दर फ्रेमला साधारण ६२ मिलिसेकंद. मला हा मेळ फार आवडतो. मेंदू मागच्या चित्रातली वस्तू पुढच्या चित्रात हुडकतो आणि जवळची, जुळणारी वस्तू दिसली की 'ही तीच' असं धरून चालतो. ब्रश एकदम हातभर सरकवला, तर ही जुळणी तुटते. खरोखर हलणारी वस्तू फ्रेममध्ये किंचित पुसट उमटते. इथे प्रत्येक फ्रेम रेखीव, म्हणून चाल झटक्याझटक्याची.

व्हॉट्सअ‍ॅपवर 'भुताने सरकवलेल्या' खुर्चीचा व्हिडिओ आला, तर घाबरण्याआधी हा पुसटपणा शोधा. तो नसेल, तर खुर्ची बहुधा माणसानेच थोडी थोडी सरकवलेली असते.

दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र'च्या आधी याच एकेका फ्रेमच्या तंत्राने वाटाण्याचं रोप वाढताना दाखवलं. तिथली वाढ खरी होती, फक्त दोन फ्रेममध्ये बराच वेळ जाऊ दिला होता. पुढे 'आगकाड्यांची मौज'मध्ये त्यांनी काड्याही नाचवल्या.