माशाच्या अंगावरची सरकती चेन

सन १८०१मध्ये युरोपातल्या एका मोठ्या मत्स्यग्रंथात निकोबारच्या नावाने एका माशाची नोंद झाली. गडद निळं अंग आणि त्यावर एकात एक बसवलेली पांढरी-निळी वर्तुळं, शेपटीजवळ मध्य. तासलेल्या लाकडातली वर्षांची वलयं दिसतात ना, तसं काहीसं. शास्त्रज्ञांनी त्याला 'निकोबारिएन्सिस' म्हटलं. त्याच्या चौदा वर्षं आधी, १७८७मध्ये, बर्लिनचे डॉक्टर मार्कुस ब्लोख यांनी वेगळ्याच एका माशाला 'इम्पेरेटर' म्हणजे सम्राट असं नाव दिलं होतं. त्याच्या अंगावर निळ्या-पिवळ्या आडव्या रेघा, शेपूट पिवळी आणि डोळ्यांवर काळी पट्टी, दरोडेखोराने बांधावी तशी.

हे दोन्ही मासे एकच. पहिला पोरवयातला, दुसरा वयात आलेला. चूक कोणाचीही झाली असती. दोन्ही चित्रं शेजारी ठेवली तर मीसुद्धा यांचं काही नातं असेल असं म्हटलं नसतं.

आज त्याला एम्परर एंजलफिश म्हणतात, शास्त्रीय नाव पोमॅकँथस इम्पेरेटर. (घरच्या टाकीतला त्रिकोणी एंजल वेगळा. तो गोड्या पाण्यातला, मूळचा अ‍ॅमेझॉनकडचा. नावापलीकडे दोघांचा संबंध नाही.) तांबड्या समुद्रापासून प्रशांत महासागरातल्या बेटांपर्यंत प्रवाळांमध्ये हा राहतो, आपल्याकडे लक्षद्वीपला आणि अंदमान-निकोबारला. लांबी ४० सेंटिमीटरपर्यंत जाते. खडकाला चिकटलेले स्पंज कुरतडून खातो. गालाखाली मागे वळलेला एक मजबूत काटा असतो, एंजलफिशच्या सगळ्या कुळाची ती खूण. दचकला की ठक् असा आवाज काढतो, पाणबुड्याला तो स्पष्ट ऐकू येतो.

पिल्लाने एवढा वेगळा वेष का घ्यावा? मोठे मासे आपली हद्द राखतात आणि आपल्यासारख्या रेघांचा दुसरा दिसला की अंगावर जातात. वर्तुळांचं पिल्लू त्यांना प्रतिस्पर्धी वाटत नसावं, असा एक तर्क आहे. पटण्यासारखा आहे. पण मला या माशात गुंतवलं ते मोठेपणीच्या रेघांनी.

झेब्र्याचं शिंगरू जन्मतं तेव्हा त्याचे पट्टे ठरलेले असतात. अंग वाढतं तसे ते रुंदावतात, संख्या तेवढीच राहते. फुग्यावर काढलेलं चित्र फुगा फुगवल्यावर ताणलं जावं, तसं. या माशाचं तसं होत नाही. मासा वाढतो, पण दोन रेघांमधलं अंतर जवळपास तेवढंच राहतं आणि रेघांची संख्या वाढते. मग नवी रेघ येते कुठून?

जपानमध्ये क्योतो विद्यापीठातल्या शिगेरू कोंदो आणि रिहितो आसाई यांनी मासे टाकीत ठेवून त्यांचे काही महिने फोटो काढले. काही ठिकाणी एका रेघेला फाटा फुटलेला होता, इंग्रजी वाय आडवा पाडल्यासारखा. पुढच्या फोटोंत हा फाटा जागेवरून हललेला होता. जॅकेटची चेन उघडत जावी तसा तो रेघेवरून सरकत होता आणि त्याच्या मागे एकीच्या दोन रेघा होत होत्या. त्वचेवरचा रंग, पण वागणं लाटेचं.

याचं गणित चार दशकं आधीच मांडून झालं होतं. संगणकशास्त्राचा पाया घालणाऱ्या अ‍ॅलन ट्युरिंग यांनी १९५२मध्ये एक लेख लिहिला: दोन रसायनं एकमेकांवर क्रिया करत वेगवेगळ्या गतीने पसरली, तर एकसारख्या पृष्ठभागावर आपोआप ठिपके किंवा पट्टे उमटू शकतात. नकाशा आधी कोणी काढून ठेवावा लागत नाही.

हायवेवरचे ढाबे आठवा. एका ढाब्यापाशी चार ट्रक उभे दिसले की पाचवा थांबतो. मग शेजारी पंक्चरवाला येतो, पानाची टपरी येते. गर्दी गर्दीला ओढते. पण तिथून निघालेल्या प्रत्येकाचं पोट भरलेलं असतं, त्यामुळे पुढचे काही किलोमीटर दुसरा ढाबा चालत नाही. ओढ जवळच्या जवळ राहते, तृप्ती मात्र गाडीत बसून लांबवर जाते. या दोन गोष्टींतून ढाब्यांमधलं अंतर ठरतं, हायवेच्या लांबीवरून नाही. आता कल्पना करा की हा हायवेच रबरासारखा ताणला गेला. दोन ढाबे दूर गेले की मधल्या पट्ट्यात पुन्हा भुकेली माणसं दिसू लागणार, आणि तिथे नवा ढाबा उभा राहणार.

याच कुळातल्या सेमिसर्क्युलेटस एंजलफिशच्या पिल्लात अगदी असंच घडतं. दोन सेंटिमीटरपेक्षा लहान असताना त्याला तीन पट्टे असतात. चार सेंटिमीटरच्या सुमारास मधल्या जागांमध्ये नवे उगवतात, आठ-नऊ सेंटिमीटरला पुन्हा तेच. कोंदो आणि आसाई यांनी ट्युरिंगच्या धर्तीची समीकरणं संगणकावर चालवली, तेव्हा पडद्यावरचा फाटाही माशावरच्यासारखाच सरकला. १९९५मध्ये 'नेचर' या विज्ञान नियतकालिकाने हे छापलं. ट्युरिंग १९५४मध्येच गेले होते, वयाच्या एक्केचाळिसाव्या वर्षी.

ट्युरिंग यांनी कल्पिलेली ती दोन रसायनं नेमकी कोणती, या प्रश्नाला पुढे वेगळंच वळण लागलं. झेब्राफिश या छोट्या माशाचे पट्टे लेझरने जाळून पाहिले, तर पट्टे परत आले, पण जुन्या जागी जसेच्या तसे नाहीत. तिथे काळ्या आणि पिवळ्या रंगपेशी स्वतःच एकमेकींना ढकलतात, जगवतात, हुसकावतात. म्हणजे पात्रं रसायनांऐवजी पेशी निघाली, हिशेब तोच राहिला.

लक्षद्वीपला डायव्हिंगला जाणार असाल आणि हा मासा दिसला, तर त्याच्या डोळ्यांवरच्या काळ्या पट्टीवरून नजर काढून कुशीकडे न्या. एखादा आडवा वाय सापडला तर फोटो काढा आणि जागा लक्षात ठेवा. हा आपल्या हद्दीत टिकून राहणारा मासा आहे, काही महिन्यांनी तिथेच भेटण्याची आशा धरता येते. तोवर तो वाय कदाचित पुढे सरकलेला असेल.