मुळासारखं दिसतं, पण मूळ नव्हे

लाटेने उपटलेलं केल्प, म्हणजे समुद्रात वाढणारं मोठं शैवाल, किनाऱ्यावर येऊन पडलं की थेट एखाद्या रोपासारखं दिसतं. खाली जाडजूड तंतूंचा गुंता, मधे लांब दांडा, वर पात्यांचा पसारा. त्या गुंत्याला मूळ म्हणून मोकळं व्हावंसं वाटतं, पण त्यातून पाण्याचा थेंबही वर चढत नाही. त्याचं काम एकच, खडक धरून ठेवणं. शास्त्रज्ञ त्याला ‘होल्डफास्ट’ म्हणतात. झाडाचं मूळ आधारही देतं आणि पाणीही शोषतं. केल्पला पाणी शोषायला वेगळा अवयव कशाला हवा? ते चहूबाजूंनी पाण्यातच आहे. नायट्रेट, फॉस्फेट, कार्बन, जे काही लागतं ते सबंध अंगातून आत येतं.

झाडांशी त्याचं नातंही फार लांबचं. केल्प हे तपकिरी शैवाल आणि तपकिरी शैवालं झाडांपेक्षा डायटम नावाच्या सूक्ष्म एकपेशीय जीवांना अधिक जवळची. हिरवी शैवालं मात्र झाडांची सख्खी भाऊबंद, आणि लाल शैवालं त्याहून बरीच दूरची. समुद्रशैवलं म्हणजे एक कूळ नव्हे, एकाच ठिकाणी नांदणारी ही वेगवेगळी कुळं. त्यांच्या अंगकाठीत जे साम्य दिसतं, ते वारशाने आलेलं कमी आणि समुद्राने घडवलेलं जास्त.

समुद्र घडवतो कसा, हे पाण्याच्या घनतेवरून कळतं. पाणी हवेच्या सुमारे ८०० पट घन असतं. त्यामुळे अंगाचं बरंचसं वजन पाणीच पेलतं आणि उभं राहायला लाकूड लागत नाही. जायंट केल्प ४५ मीटरपर्यंत लांब होतं आणि परिस्थिती अनुकूल असेल तर दिवसाला अर्ध्या मीटरच्या आसपास वाढतं. त्याच्या प्रत्येक पात्याच्या बुडाशी वायूने भरलेला एक छोटा फुगा असतो. हे फुगे पाती उजेडाकडे वर उचलून धरतात. सगळं फुकटात झाल्यासारखं वाटतं खरं, पण तीच घनता लाटेबरोबर अंगावर येते. सेकंदाला २ मीटर वेगाने वाहणारं पाणी एखाद्या वस्तूला जितकं ओढतं, तितकं ओढायला वाऱ्याला ताशी २०० किलोमीटरच्या आसपास धावावं लागेल. जमिनीवर याला चक्रीवादळ म्हणतात. उथळ खडकाळ किनाऱ्यावर अशी लाट दिवसभर, दर काही सेकंदांनी येत असते.

उत्तर प्रशांत महासागराच्या किनाऱ्याला बुल केल्प नावाचं शैवाल आहे. ते बहुतेक वेळा एकच वर्ष जगतं आणि त्या एका वर्षात त्याचा दांडा ३० मीटरच्या पुढे जाऊ शकतो. दांड्याच्या टोकाला एकच मोठा फुगा असतो. त्या फुग्यातल्या वायूत काही टक्के कार्बन मोनॉक्साइड, म्हणजे माणसाला मारक ठरणारा वायू, असतो हे १९१७ सालीच लक्षात आलं होतं. पण खरी गंमत दांड्यात आहे. ताकदीच्या हिशेबाने तो अगदीच लेचापेचा, लाकडाच्या जवळपासही जाणार नाही. मात्र तुटण्याआधी तो आपल्या लांबीच्या तिसऱ्या हिश्श्याहून अधिक ताणला जातो. असा ताणत ताणत तोडायचा म्हटला, तर त्याला लागणारी एकूण ऊर्जा लाकूड तोडण्याच्या ऊर्जेशी तुलना करण्याइतकी भरते. शिवाय लाट एकाच दिशेने कायम ओढत नाही. ती येते, थांबते, उलटी फिरते. लांब दांडा पाण्याबरोबर वाहत जातो आणि पुरता ताणला जाण्याआधीच पाण्याची दिशा बदललेली असते. ही शैवालं तुटतात ती पुष्कळदा सागरी साळिंद्राने (काटेरी गोळ्यासारखा दिसणारा ‘सी अर्चिन’) कुरतडलेल्या जागी. नुसत्या ओढीपेक्षा ती जखम महागात पडते.

याच बुल केल्पच्या पात्यांची गोष्ट जरा सविस्तर सांगण्यासारखी आहे. प्रवाह जोरात असतो तिथे पाती अरुंद, सपाट, पट्टीसारखी असतात. संथ पाण्यात तीच पाती रुंद होतात आणि त्यांच्या कडांना झालर येते. दोन्ही आकारांत फायदाही आहे आणि तोटाही. सपाट पाती प्रवाहात एकमेकींवर चिकटून एक जुडगा होतात. त्यामुळे ओढ कमी बसते, पण वरची पाती खालच्यांचा उजेड अडवतात. झालरीची पाती संथ पाण्यातही फडफडत राहतात, एकमेकींपासून सुटी राहतात आणि प्रत्येकीला उजेड मिळतो. जोराच्या प्रवाहात मात्र हीच फडफड जिवावर बेतेल.

मग हा फरक जातीचा की जागेचा? संशोधकांनी संथ जागेची शैवालं उचलून जोराच्या प्रवाहात नेऊन लावली. काही दिवसांत त्यांच्या पात्यांचा नवा वाढलेला भाग सपाट येऊ लागला. झालर कशी पडते याचं उत्तर २००८ साली प्रसिद्ध झालं. पात्याच्या कडा मधल्या भागापेक्षा वेगाने वाढल्या की जास्तीच्या लांबीला जागा उरत नाही आणि कड वळ्यावळ्यांनी दुमडते. शैवालाला आकाराचा आराखडा ‘माहीत’ असण्याची गरजच नाही. वाढीच्या वेगातला फरक आणि उरलेलं काम भूमितीचं. केल्पच्या दुसऱ्या एका जातीच्या पात्यांना प्रयोगात कृत्रिम ताण दिला, तर तीही अरुंद होत गेली. वनस्पती आणि शैवालांच्या रचनेबद्दल बोलताना आपण सर्रास ‘अमुक करण्यासाठी तमुक अवयव’ असं म्हणतो. बोलायला ते सोपं पडतं, पण रचना घडते ती अशी, पाण्याचा ताण आणि पेशींची वाढ यांच्या झटापटीतून.

लवचीकपणा हा एकच मार्ग आहे असंही नाही. काही लाल शैवालं अंगात चुना भरून घेतात आणि दगडासारखी टणक होतात. टणक झालं की कुरतडणाऱ्यांना तोंड लावणं अवघड, पण लाटेत वाकता येत नाही. कोरॅलाइन गटातल्या फांद्या फुटणाऱ्या शैवालांनी यावर तोड काढली आहे. त्यांची चुन्याची कांडी एकमेकींना बिनचुन्याच्या सांध्यांनी जोडलेली असतात. सारं वाकणं त्या सांध्यांत होतं. कॅलिआर्थ्रॉन नावाच्या अशाच एका शैवालाच्या पेशीभित्तीत २००९ मध्ये लिग्निन सापडलं आणि बऱ्याच जणांच्या भुवया उंचावल्या. लिग्निन म्हणजे लाकडाला लाकूडपण देणारं द्रव्य. तोवर ती जमिनीवरच्या झाडांची मक्तेदारी समजली जात होती. लाल शैवालांची आणि झाडांची वाट वेगळी होऊन तर १०० कोटींहून अधिक वर्षं झाली.

रंगाबद्दल थोडक्यात. हिरवी शैवालं उथळ, तपकिरी मधे आणि लाल खोल, कारण खोलवर पोहोचणारा निळा-हिरवा उजेड लाल रंगद्रव्यं टिपतात, असं जुनी पुस्तकं सांगतात. एंगलमान या जर्मन शास्त्रज्ञाने १८८३ साली हा विचार मांडला. विचार देखणा आहे, पण समुद्र त्याप्रमाणे वागत नाही. हिरवी शैवालं चांगल्या खोलीवरही सापडतात आणि लाल शैवालं ओहोटीच्या खडकांवरही भरपूर असतात. खोलीचा विक्रम मात्र लालच्याच नावावर आहे. बहामा बेटांजवळ १९८४ साली पाणबुडीतून २६८ मीटर खोलीवर खडकाला चिकटलेलं कोरॅलाइन शैवाल दिसलं. तिथे पोहोचणारा उजेड पृष्ठभागावरच्या उजेडाच्या एका टक्क्याचाही हजारावा भाग नसतो.

भरती-ओहोटीच्या पट्ट्यात राहणाऱ्यांना समुद्र आणि हवा दोन्ही सोसावी लागतात. पॉर्फिरा या लाल शैवालाचं पातं जेमतेम एक-दोन पेशी जाड. ओहोटीत उन्हात पडलं की अंगातलं नव्वद टक्क्यांच्या आसपास पाणी निघून जातं, ते करकरीत वाळतं, आणि भरती आली की पुन्हा कामाला लागतं. पाणी धरून ठेवण्याचा खटाटोप ते फारसा करतच नाही. जाऊ द्यायचं आणि पुन्हा भरून घ्यायचं, एवढंच.

जमिनीवर बहुतेक झाडांना ही चैन परवडत नाही, कारण तिथे दिवसातून दोनदा भरती येत नाही. त्यामुळे सगळी रचना पाणी टिकवण्याभोवती उभी राहते. पानावर मेणाचा थर येतो, पण तो थर कार्बन डायऑक्साइडलाही आत येऊ देत नाही, म्हणून त्यात उघडझाप करणारी पर्णरंध्रं लागतात. रंध्र उघडलं की हवेतला जेमतेम ०.०४ टक्के कार्बन डायऑक्साइड आत येतो आणि त्याच्या एकेका रेणूमागे पाण्याचे शेकडो रेणू बाहेर निसटतात. आतबट्ट्याचा व्यवहार, पण त्याला पर्याय नाही. ते पाणी मुळापासून वर खेचलं जातं ते ताणाने. त्या ताणाखाली जलवाहिन्यांच्या भिंती आत दबून चपट्या होऊ नयेत म्हणून त्यांना लिग्निनचा टेकू असतो. झाडाचं लाकूड म्हणजे आधार तर आहेच, पण मुळात ती पाण्याची नळयोजना आहे. याच नळयोजनेच्या जोरावर रेडवुडची झाडं ११५ मीटरपर्यंत पोहोचली आहेत.

कण्हेरीचं पान आडवं कापून सूक्ष्मदर्शकाखाली धरलं, तर हा सगळा बंदोबस्त एका नजरेत दिसतो. वर मेणाचा जाड थर. त्याखाली बाह्यत्वचा एकाच थराची नव्हे, दोन-तीन थरांची. खालच्या बाजूला ठिकठिकाणी खोल खड्डे, आणि पर्णरंध्रं त्या खड्ड्यांच्या आत. खड्ड्यांत केसांची गर्दी. पाठ्यपुस्तकातलं स्पष्टीकरण असं की खड्ड्यात दमट हवा कोंडून राहते आणि बाष्पीभवन घटतं. पण अलीकडे कुणी याचा आकड्यांत हिशेब मांडला, तेव्हा ही बचत फार मोठी निघाली नाही. बँक्सिया या ऑस्ट्रेलियातल्या जाड पानांच्या वनस्पतीवरच्या कामातून दुसरी शक्यता पुढे आली आहे. जाड पानात कार्बन डायऑक्साइडला खोलवरच्या पेशींपर्यंत पोहोचायला बरंच अंतर कापावं लागतं आणि खड्ड्यांमुळे ते कमी होतं. मला हे स्पष्टीकरण जास्त पटतं. निदान एवढं तरी खरं, की एखादी रचना कोरड्या जागी दिसली म्हणून ती पाणी वाचवण्यासाठीच असेल, असं घाईने म्हणू नये.

वाळवंटातल्या निवडुंगांची रचना त्या मानाने सरळ आहे. पानांचे काटे झाले, प्रकाशसंश्लेषणाचं काम हिरव्या खोडाने अंगावर घेतलं. सग्वारो निवडुंगाच्या खोडाला उभ्या घड्या असतात. पाऊस पडला की त्या हार्मोनियमच्या भात्यासारख्या उघडतात आणि खोड फुगतं. रंध्रं रात्री उघडतात. रात्री घेतलेला कार्बन मॅलिक आम्लाच्या रूपात साठवायचा आणि दिवसा दारं बंद करून वापरायचा. युफोर्बिया नावाच्या गटातल्या आफ्रिकेतल्या कित्येक वनस्पती दिसायला अगदी अशाच, घड्या आणि काट्यांसकट. पण निवडुंग मुळात अमेरिका खंडांतले आणि युफोर्बियांशी त्यांचं जवळचं नातं नाही. युफोर्बियाला खरचटलं तर पांढरा चीक येतो, बहुतेक निवडुंगांना येत नाही. दोन वेगळी कुळं तहानेपायी एकाच अंगकाठीला येऊन पोहोचली.

गोड्या पाण्यातल्या झाडांची अडचण उलटी असते. पाणी भरपूर, पण चिखलात ऑक्सिजन नाही. म्हणून तरंगत्या पानांची रंध्रं वरच्या बाजूला असतात आणि देठांतून हवेच्या पोकळ नळ्या कंदापर्यंत जातात. पिवळ्या फुलांच्या एका कुमुदिनीत तर ही हवा अक्षरशः वाहते. उन्हाने तापलेल्या कोवळ्या पानांत दाब थोडा वाढतो, हवा खाली कंदात उतरते आणि जुन्या पानांतून बाहेर पडते. खाडीतल्या तिवराने हेच ऑक्सिजनचं कोडं चिखलातून वर येणाऱ्या श्वासमुळांनी सोडवलं, आणि वर मिठाशीही झुंज घेतली. तिवराच्या पानांवरच्या ग्रंथी मीठ बाहेर टाकतात. कांदळ मात्र बहुतेक मीठ मुळाशीच गाळून अडवतं.

आणि काही फुलझाडं अख्खीच समुद्रात परतली. सागरी गवतं म्हणतात त्यांना, जरी ती खऱ्या गवताच्या कुळातली नाहीत. झॉस्टेरा मरिना या जातीचा जनुकसंच २०१६ साली वाचून झाला, तेव्हा पर्णरंध्रं घडवणारी जनुकं त्यात नाहीशी झालेली आढळली. पाण्याखाली रंध्रांचा उपयोग तरी काय? पेशीभित्तीत मात्र सल्फेटयुक्त शर्करा आढळल्या, समुद्रशैवलांच्या भित्तीत असतात तशा. हरितकण बाह्यत्वचेतच दाटीने असतात, कारण उजेड आणि कार्बन आधी तिथेच पोहोचतात. परागकण गोल राहिले नाहीत, काही मिलिमीटर लांबीचे धागे झाले. पाण्यातून वाहत जाताना असा धागा कुठेतरी अडकण्याची शक्यता जास्त.

एक गोष्ट मात्र त्यांनी सोडली नाही, ती म्हणजे मुळं. पाणी प्यायला आता त्यांची तितकी गरज नाही, पण वाळू आणि गाळ धरायला आणि त्यातली पोषकद्रव्यं घ्यायला ती उत्तम. केल्पला धरायला खडक लागतो, निसटत्या वाळूवर त्याचं काही चालत नाही. म्हणून वाळूच्या तळावर सागरी गवतांची कुरणं आणि खडकावर केल्पची रानं अशी वाटणी पुष्कळ ठिकाणी दिसते.

फायलोस्पॅडिक्स हे सागरी गवत त्याला अपवाद. उत्तर प्रशांत महासागराच्या किनाऱ्यावर ते थेट लाटा आपटणाऱ्या खडकांवर राहतं. आता उघड्या खडकावर बी टिकणार कसं? त्याच्या फळाला दोन बाजूंना राठ केसांचे आकडे असतात, आणि ते आकडे अडकतात ते त्या सांध्यांच्या चुनेरी लाल शैवालांच्या बारीक फांद्यांत. तिथेच बी रुजतं, आणि मुळं खडकापर्यंत पोहोचेपर्यंत रोपाला धरून ठेवण्याचं काम ते शैवाल करतं.